वैद्याने कारभारी व्हावे काय?

एखादा निष्णात वैद्य रोग्याची उशी सोडून कचेरीतल्या खुर्चीवर जाऊन बसला, म्हणजे आपल्या समाजात दोन तऱ्हेचे उद्गार निघतात. 'एवढी विद्या अखेर सह्या करण्यात गेली,' असे एक पक्ष हळहळून म्हणतो. 'बरे झाले, मोठा हुद्दा मिळाला,' असे दुसरा समाधानाने म्हणतो. वरवर पाहता हे दोन पक्ष परस्परविरुद्ध दिसतात; पण दोघांच्याही बुडाशी समजूत एकच आहे. ती ही की, रोग बरा करणे हे वैद्याचे खरे काम, आणि रुग्णालय चालविणे हे त्याहून निराळेच काहीतरी आहे. ही समजूत कितपत खरी आहे, आणि कारभार हाती घेणाऱ्या वैद्यावर कोणती नैतिक जबाबदारी येते व कोणती येत नाही, याचा विचार प्रस्तुत लेखात करण्याचे आम्ही योजिले आहे. विचाराची कक्षा आम्ही सार्वजनिक रुग्णालयांपुरती ठेवतो. ज्याच्या गाठीस पैसा आहे त्याला एक दार बंद झाले तर दुसरे उघडते. सरकारी वा नगरपालिकेच्या रुग्णालयाच्या दारी जो येतो, त्याच्यापुढे बहुधा ते शेवटचेच दार असते.

प्रथम इतिहासाची थोडी साक्ष काढू. आम्ही ज्या वसई प्रांतात बसून हे लिहीत आहो, त्याच प्रांतातील सोपारे येथे इ. स. पूर्व तिसऱ्या शतकात अशोकाच्या आज्ञा शिळांवर कोरल्या गेल्या. त्यांपैकी आठव्या व नवव्या आज्ञेचे तुकडे तेवढे तेथे सापडले आहेत. परंतु त्याच मालिकेतील दुसरी आज्ञा इतरत्र उपलब्ध असून तीत माणसांच्या व पशूंच्या चिकित्सेची सोय केल्याचा, आणि जेथे औषधी वनस्पती नव्हत्या तेथे त्या आणवून लावल्याचा उल्लेख आहे. या आज्ञेत कोणा वैद्याच्या हातगुणाचे वर्णन नाही. वनस्पती आणविणे, त्या लावविणे, त्या सर्वांना मिळतील असे करणे, हे सगळे कारभाराचे काम. आणि राजाने ते आपले कर्तव्य म्हणून सांगितले आहे.

पुढे १५३४ पासून १७३९ पर्यंत वसई पोर्तुगिजांच्या ताब्यात होती. त्या काळी किल्ल्यात 'मिझेरिकॉर्दिया' ही धर्मादाय संस्था होती, आणि गोव्याच्या राजरुग्णालयाची कीर्ती तर युरोपपर्यंत पसरली होती. पिरार नावाचा फ्रेंच प्रवासी १६०८ मध्ये तेथे रोगी म्हणून राहिला व त्याने तेथील टापटिपीची मनापासून स्तुती करून ठेवली. त्या रुग्णालयाचा कारभार जेझुइट धर्मगुरूंकडे होता. सारांश, रुग्णालय चालविणारा कधी राजा असे, कधी धर्मगुरू, कधी दाता. वैद्य तेथे पगारी माणूस म्हणून येई, नाडी पाही आणि निघून जाई. वैद्यानेच रुग्णालयाचे प्रमुखपद घ्यावे, ही वहिवाट त्या मानाने अलीकडची आहे.

वहिवाट अलीकडची असली तरी विचार मात्र आपल्याकडे फार जुना आहे. चरकाने चिकित्सेचे चार पाय सांगितले: वैद्य, औषध, परिचारक आणि रोगी. चौघेही गुणसंपन्न असावेत असे सांगून त्याने वैद्याला प्रधान मानले. आणि त्याचे कारण देताना वैद्य हा केवळ जाणता नव्हे, तर आज्ञा करणारा व योजना करणाराही होय, असे म्हटले आहे. एवढेच नव्हे, तर उपकल्पनीय नामक अध्यायात, उपचारास हात घालण्यापूर्वी घर कसे बांधावे, परिचारक कसे निवडावेत, कोणकोणते साहित्य जमवून ठेवावे, याचा त्याने बारकाईने विचार केला आहे. चरकाच्या दृष्टीने तयारी ही चिकित्सेच्या बाहेरची गोष्ट नाही. चिकित्सेचा आरंभच तेथून होतो. औषध नसलेल्या खोलीत निष्णात वैद्य उभा केला, तर तो तेथे सहानुभूतीपलीकडे फारसे काही देऊ शकत नाही.

ज्ञान आहे पण सत्ता नाही, अशा वैद्याची गत काय होते, याचे प्रसिद्ध उदाहरण व्हिएन्ना नगरीतील सेमेलवाइस या डॉक्टरचे. तेथील मोठ्या रुग्णालयाच्या पहिल्या प्रसूतिविभागात १८४६ साली शेकडा ११ हून अधिक बाळंतिणी दगावल्या. शवविच्छेदन करून आलेले हात न धुता बाळंतिणीस लावले जातात हे कारण त्याने ओळखले, आणि १८४७ मध्ये क्लोरीनयुक्त चुन्याच्या पाण्याने हात धुण्याचा नियम घातला. १८४८ साली हेच प्रमाण शेकडा दीडच्याही खाली आले. शोध लागला होता, आकडे बोलत होते. परंतु विभागाचा मुख्य निराळ्या मताचा होता, आणि १८४९ मध्ये सेमेलवाइसची नेमणूक पुढे चालू ठेवण्यात आली नाही. हात धुणे ही गोष्ट औषधाच्या बाटलीत भरून देता येत नाही. तिच्यासाठी नियम करावा लागतो, आणि नियम पाळवून घेणारा माणूस खुर्चीवर असावा लागतो. या उदाहरणात विद्या जिंकली आणि कारभार हरला. त्या हरण्याची किंमत मात्र ज्यांना या वादाची गंधवार्ताही नव्हती अशा बाळंतिणींनी भरली.

आपल्याकडील दोन उदाहरणे याच्या उलट बाजूची आहेत. पहिले डॉ. रखमाबाईंचे. बालपणी झालेला विवाह मान्य नाही म्हणून नवऱ्याच्या घरी जाण्यापेक्षा तुरुंगात जाणे पत्करणारी स्त्री, म्हणून त्यांचे नाव १८८७ मध्ये हिंदुस्थानात व विलायतेत गाजले. त्या खटल्याची चर्चा आजही होते. परंतु त्यानंतरची त्यांची कारकीर्द फारशी कोणी सांगत नाही. लंडनच्या स्त्रियांच्या वैद्यकशाळेत शिकून १८९४ मध्ये त्या पदवीधर झाल्या, पुढल्या वर्षी सुरतेस स्त्रियांच्या रुग्णालयाच्या प्रमुख म्हणून रुजू झाल्या, आणि तेथे व नंतर राजकोटास मिळून त्यांनी सुमारे पस्तीस वर्षे हेच काम केले. त्या काळची स्त्री परपुरुषापुढे दुखणे सांगत नसे, आणि रुग्णालय म्हणजे मरणाचे घर असे मानी. अशा स्त्रीला घराबाहेर काढून खाटेपर्यंत आणणे, तिला तेथे सुरक्षित वाटेल अशी व्यवस्था राखणे, आणि ती व्यवस्था वर्षानुवर्षे ढळू न देणे, याला शस्त्रक्रियेइतकेच कौशल्य लागते. खटल्यातील धैर्य लोकांच्या डोळ्यांत भरले. रुग्णालयातील चिकाटी हिशेबाच्या वह्यांत राहिली. आमच्या मते दुसरी गोष्ट पहिलीपेक्षा कमी मोलाची नव्हे.

दुसरे उदाहरण परळच्या के. ई. एम. रुग्णालयाचे. मुंबई महापालिकेचे हे रुग्णालय व त्यास जोडलेले शेठ गोवर्धनदास सुंदरदास वैद्यकीय महाविद्यालय १९२६ मध्ये उभे राहिले. देणगीची अट अशी होती की, येथील अध्यापक सरकारी नोकरीत नसलेले, स्वतंत्र व पात्र असे हिंदी गृहस्थ असावेत. वैद्यकीय खात्यातील वरच्या जागा तोवर बहुतेक गोऱ्या लष्करी डॉक्टरांकडे असत, आणि हिंदी डॉक्टरने कितीही विद्या मिळविली तरी त्याने दुय्यमच राहावे अशी रीत होती. संस्थेचे पहिले अधिष्ठाता डॉ. जीवराज मेहता झाले. तेच पुढे १९६० मध्ये गुजरातचे पहिले मुख्यमंत्री झाले. रुग्णालयाच्या खुर्चीवर कोण बसतो हा प्रश्न त्या पिढीला मानापमानाचा वाटला, आणि तो तसा होताही. परंतु त्यात आणखी एक अर्थ होता. जो रोग्याची भाषा जाणतो, त्याच्या घरची चूल जाणतो, त्यानेच रोग्यासाठी नियम करावेत, हा तो अर्थ होय.

येथवर आम्ही कारभारी वैद्याची बाजू मांडली. आता तिच्यावरील सर्वांत बळकट आक्षेप घेऊ. प्लेटोने म्हटले आहे की, वैद्य हा वैद्य या नात्याने केवळ रोग्याचेच हित पाहतो. पण कोणत्या रोग्याचे? शय्येपाशी उभ्या असलेल्या वैद्यापुढे एक चेहरा असतो. त्या चेहऱ्यासाठी त्याने सर्व काही करावे, आणि शेजारच्या खाटेचा विचार दुसऱ्याने करावा, अशी त्याच्या धर्माची मर्यादा आहे. खुर्चीवर बसलेल्या वैद्याला ही मर्यादा राहत नाही. त्याच्यापुढे चेहऱ्यांऐवजी संख्या येतात. एकाला खाट दिली की ती दुसऱ्याला नाकारली जाते; एका यंत्रावर पैसा खर्चला की तो दहा परिचारिकांवर खर्चता येत नाही. आक्षेपक म्हणतात, ज्याने एकदा माणसे मोजण्यास आरंभ केला त्याची माणसाकडे पाहण्याची दृष्टी हळूहळू बोथट होते. तेव्हा चांगल्या वैद्याने या वाटेला न जाणेच बरे.

आक्षेपातील पूर्वार्ध आम्हांस सर्वस्वी मान्य आहे. उत्तरार्ध मान्य नाही. मोजणे टाळल्याने निवड टळत नाही, ती न मोजता होते एवढेच. आमच्याच भागाचे उदाहरण घेऊ. वसई, विरार, नालासोपारा व नवघर-माणिकपूर या चार नगरपरिषदा आणि भोवतालची गावे मिळून २००९ मध्ये वसई-विरार महानगरपालिका झाली. २०११ च्या शिरगणतीत तिची लोकसंख्या बारा लक्षांहून अधिक भरली, आणि त्यानंतर चाळींवर चाळी व इमारतींवर इमारती वाढतच गेल्या आहेत. वसई गावातील सर डी. एम. पेटिट रुग्णालय आणि नालासोपाऱ्यातील तुळिंजचे रुग्णालय ही महापालिकेची रुग्णालये. परंतु दुखणे जरा अवघड निघाले की नातेवाईक रोग्याला घेऊन गाडीत चढतात, आणि खाडी ओलांडून मुंबई सेंट्रलच्या नायर रुग्णालयाकडे वा परळला के. ई. एम.कडे धाव घेतात. जो रोगी वसईच्या रुग्णालयाच्या रांगेत उभाच राहिला नाही, कारण तेथे आपल्या दुखण्याची सोय नाही हे त्याला ठाऊक होते, त्याचा चेहरा शय्येजवळच्या वैद्याला कधीच दिसणार नाही. त्याला पाहू शकेल असा एकच मनुष्य आहे, आणि तो म्हणजे खुर्चीवरचा, आकडे वाचणारा वैद्य. आकड्यांमुळे चेहरा पुसला जातो हे खरे; पण कित्येक चेहरे असे असतात की ते आकड्यांवाचून दिसतच नाहीत. म्हणून खुर्चीवर असा मनुष्य हवा, की ज्याने पूर्वी पुष्कळ वर्षे उशाशी उभे राहून प्रत्येक आकड्याच्या मागे काय असते हे पाहिले आहे.

या कामाला एक स्वाभाविक दुर्दैव जडलेले आहे, तेही येथे सांगितले पाहिजे. समजा, एका वर्षी हाती आलेल्या रकमेतून एक भारी यंत्र घेता येते, किंवा प्रसूतिविभागात रात्रपाळीस पुरेशा परिचारिका नेमता येतात. यंत्राचे उद्घाटन होते, पाटी लागते, छायाचित्र छापून येते. रात्री अडीच वाजता परिचारिका जागेवर होती म्हणून जी बाळंतीण वाचली, तिला स्वतःलाही आपण वाचलो हे कळत नाही. जे संकट आलेच नाही त्याचे आभार कोणी मानीत नाही. शय्येजवळच्या वैद्याला निदान रोग्याचे हसू मिळते. चांगल्या कारभाऱ्याचे यश म्हणजे बहुतेक करून न घडलेल्या गोष्टींची एक लांब यादी असते. ही यादी स्वतःशीच वाचून समाधान मानण्याची ज्याच्या मनाची तयारी नाही, त्याने या खुर्चीची हौस धरू नये.

परंतु जे घडते त्याचे काय? येथे आपण प्रश्नाच्या मर्माशी येतो. ९ जानेवारी २०२१ च्या पहाटे भंडारा जिल्हा रुग्णालयातील नवजात बालकांच्या कक्षास आग लागली. सतरांपैकी सात बालके वाचली, दहा गेली. त्याच वर्षी २३ एप्रिलच्या पहाटे आमच्या विरारमधील एका खासगी रुग्णालयाच्या अतिदक्षता विभागात आग लागून बारांहून अधिक रुग्णांचा अंत झाला. ६ नोव्हेंबरला अहमदनगरच्या जिल्हा रुग्णालयात तसाच प्रकार होऊन अकरा रुग्ण दगावले. भंडाऱ्यास व नगरास जिल्हा शल्यचिकित्सकांचे निलंबन झाले. पुढे २०२३ च्या ऑक्टोबरारंभी नांदेडच्या शासकीय रुग्णालयात चोवीस तासांत चोवीस रुग्ण मरण पावले, त्यांत बारा अर्भके होती. त्यानंतर भेटीस आलेल्या एका खासदारांनी तेथील प्रभारी अधिष्ठात्यांच्या हाती झाडू देऊन त्यांना स्वच्छतागृह साफ करावयास लावले. तो देखावा सर्व महाराष्ट्राने पाहिला, आणि कित्येकांना त्यात न्याय झाल्याचेही समाधान वाटले.

या घटनांत कोणाचा दोष किती हे ठरविणे चौकशी करणाऱ्यांचे काम; ते आम्ही आपल्याकडे घेत नाही. आमचा प्रश्न त्यामागच्या तत्त्वाचा आहे. आपल्या राज्यात सरकारी रुग्णालयाची इमारत व तिच्यातील विजेच्या तारा बहुशः सार्वजनिक बांधकाम खात्याकडे असतात. औषधांची मोठी खरेदी २०१७ पासून हाफकिन महामंडळाकडे होती, आणि २०२३ च्या कायद्याने ती एका स्वतंत्र प्राधिकरणाकडे गेली. नोकरभरती मंत्रालयातून ठरते. अशा रीतीने चरकाने सांगितलेल्या चार पायांपैकी औषध एकाकडे, परिचारक दुसऱ्याकडे, घर तिसऱ्याकडे. आणि रोगी तेवढा वैद्याच्या वाट्याला! आज्ञा करणारा म्हणून ज्याला प्रधान म्हटले, त्याच्या आज्ञेत फारसे काही उरलेले नाही. पण मृत्यू घडला की लोकांना दिसणारा चेहरा त्याचाच असतो. संतापाला दूरचा मनुष्य दिसत नाही. तो जवळच्यालाच धरतो.

म्हणून काय कारभारी वैद्य निर्दोष ठरतो? तसे आम्ही म्हणत नाही. त्याच्या दोषाचे माप काढताना तीन प्रश्न क्रमाने विचारावेत. धोका त्याला ठाऊक होता काय, किंवा थोड्या दक्षतेने ठाऊक होऊ शकला असता काय? तो टाळणे त्याच्या हाती होते काय? आणि हाती नसल्यास, ज्याच्या हाती होते त्याला त्याने स्पष्ट शब्दांत सांगितले काय? सत्तेबरोबर दोषाचे प्रमाण कमीजास्त होईल. जो करू शकत नव्हता त्याने केले नाही म्हणून त्याला शासन करणे हा अन्याय होय. परंतु सांगण्याचे कर्तव्य सत्तेच्या प्रमाणात कमी होत नाही. उलट, हाती काही नसलेल्याकडे शब्द एवढाच उपाय उरतो, म्हणून तो वापरण्याचे बंधन त्याच्यावर अधिक येते.

यावर कोणी म्हणेल, 'पत्र लिहिणे सोपे आहे. जावक क्रमांक घातला, प्रत दप्तरी ठेवली, की आपण मोकळे!' हा टोला वर्मी लागणारा आहे. कचेऱ्यांतून लिहिली जाणारी कित्येक पत्रे वाचली जावीत म्हणून लिहिलेली नसतात. पुढे चौकशी झाल्यास दाखविता यावीत म्हणून लिहिलेली असतात. अशा पत्राने वैद्याचे रक्षण होते, रोग्याचे होत नाही. मग खऱ्या पत्राची ओळख कोणती? जो लिहिल्यानंतर स्वस्थ बसतो, त्याचे पत्र स्वतःसाठी होते. जो लिहिल्यानंतरही रात्री एकदा त्या कक्षात फेरी मारतो, हातातल्या साधनांनी होईल तेवढा बंदोबस्त करतो, आणि उत्तर येईपर्यंत पुन्हा लिहितो, त्याचे पत्र रोग्यासाठी होते.

आणि इतके करूनही उत्तर आले नाही तर? समजा, एका कक्षात आगीचा धोका आहे, दुरुस्ती होत नाही. कक्ष चालू ठेवावा तर धोका कायम, बंद करावा तर ज्या अर्भकांना दुसरीकडे सोय नाही त्यांचे मरण जवळजवळ निश्चित. हा पेच कोणत्याही नीतिशास्त्राने एका वाक्यात सुटणारा नाही. बहुतेक वैद्य अशा वेळी कक्ष चालू ठेवतील, आणि आमच्या मते ते योग्यच करतील. कारण निश्चित मृत्यूपेक्षा संभाव्य मृत्यू पत्करणे हा वैद्यकाचा नित्याचा व्यवहार आहे. परंतु शस्त्रक्रियेपूर्वी वैद्य तो संभव रोग्याला सांगतो व त्याची संमती घेतो. मग रुग्णालयाचा धोका त्या मातांना व त्या गावाला न सांगता चालू ठेवण्याचा अधिकार कोणी दिला? एका माणसाने गुप्तपणे वाहिलेला धोका अखेर अपघात म्हणून फुटतो. सर्वांना ठाऊक असलेला धोका निदान दुरुस्तीच्या मागणीचे रूप घेऊ शकतो.

अडचण अशी की, सरकारी वैद्याचे तोंड बांधलेले आहे. १९७९ चे नागरी सेवा वर्तणूक नियम त्याला शासनावर जाहीर टीका करू देत नाहीत. प्रत्येक वैद्याने नोकरीवर पाणी सोडून वीर व्हावे, असा उपदेश घरात बसून करणे आम्हांस शोभत नाही. शिवाय जी व्यवस्था चालण्यासाठी रोज एक वीर लागतो, ती व्यवस्था वाईटच म्हटली पाहिजे. सुदैवाने येथे वीरतेची गरज नाही. २००६ च्या आग प्रतिबंधक कायद्याप्रमाणे यंत्रणा सुस्थितीत असल्याचे प्रमाणपत्र वर्षातून दोनदा, जानेवारीत व जुलैत, द्यावे लागते. २००५ च्या माहिती अधिकाराच्या कायद्यात सार्वजनिक कचेऱ्यांनी कोणी न मागताही माहिती प्रसिद्ध करावी असे कलम आहे. मग ते प्रमाणपत्र, रिक्त जागांची संख्या आणि संपलेल्या औषधांची यादी रुग्णालयाच्या दर्शनी भिंतीवर का लावू नये? तसा नियमच झाला, म्हणजे बोलण्याचे धैर्य वैद्याला करावे लागणार नाही, भिंतच बोलेल.

पण भिंत वाचणार कोण? ज्यांना वाचता येते, अर्ज करता येतो, वर्तमानपत्रात पत्र लिहिता येते, अशी सुशिक्षित कुटुंबे सार्वजनिक रुग्णालयाची पायरी चढेनाशी झाली आहेत. शाळेच्या बाबतीत झाले तेच येथे झाले. ज्याच्या तक्रारीला वजन होते तो निघून गेला, आणि ज्याला पर्याय नव्हता तो तक्रार न करता मागे राहिला. अशा ओसाड पडलेल्या लोकमताच्या मध्यभागी आपण एक वैद्य बसवितो, त्याच्या हातून औषध, माणसे व इमारत काढून घेतो, आणि काही विपरीत घडले की त्याच्या हाती झाडू देतो. ज्याने झाडू दिला त्याच्याइतकेच, ज्यांना तो देखावा पाहून बरे वाटले त्यांनीही आपल्या मनाला काही विचारावयास हवे.

तात्पर्य, वैद्याने कारभारी व्हावे काय, या प्रश्नास आमचे उत्तर 'अवश्य व्हावे' असेच आहे. कारण त्याची खुर्ची हीदेखील एक शय्याच आहे, फक्त तिच्यावरील रोगी त्याला दिसत नाही. पण त्याने ती खुर्ची स्वीकारताना अधिकार किती मिळणार हे विचारून घ्यावे, आणि आपण ती देताना मानाबरोबर साधनेही द्यावीत. आपल्या ओळखीतला एखादा चांगला डॉक्टर जिल्ह्याच्या वा नगरपालिकेच्या रुग्णालयाचा प्रमुख झाल्याचे कानी आले, तर त्याची कीव करू नये आणि केवळ अभिनंदन करूनही थांबू नये. त्याच्या रुग्णालयात एकदा जावे, भिंतीवर काय लिहिले आहे ते पाहावे, आणि काहीच लिहिलेले नसल्यास का नाही ते विचारावे.